खर्जातला आवाज आणि बुटाची सावली

1934 साली स्वीडनमध्ये एका गाण्याची तबकडी निघाली. गाण्याचं नाव ‘ई स्कुगान आव एन स्टोव्हेल’, म्हणजे ‘बुटाच्या सावलीत’. हिटलर सत्तेवर येऊन तेव्हा वर्ष-दीड वर्षच झालं होतं. जर्मनीत ज्यूंचा छळ सुरू झाला होता आणि युरोपातले बहुतेक शहाणेसुरते लोक ‘हे वादळ शमेल’ असं एकमेकांना समजावत होते. अशा वेळी या गाण्याने त्या छळावर उघड बोट ठेवलं. लिहिणारा होता कार्ल गेरहार्ड, स्वीडिश रंगभूमीवरचा सर्वांत तिखट जिभेचा गीतकार. गाणारी होती सत्तावीस वर्षांची, लाल केसांची, उंचनिंच, दोन मुलांची आई. तिचं नाव सारा लिआंडर.

पुढे दोनच वर्षांनी या सारा लिआंडरने बर्लिनच्या उफा चित्रपट कंपनीशी करार केला. त्यानंतरची सहा-सात वर्षं ती नाझी जर्मनीच्या पडद्यावरची सर्वांत मोठी गायिका-नटी होती. युद्ध संपल्यावर आणि मरेपर्यंत तिने आपल्या बचावात एकच गोष्ट सांगितली : मी कलावंत आहे, राजकारणातलं मला काही कळत नाही. स्वतःला ती ‘राजकीय बाबतीत मूर्ख’ म्हणवून घेत असे. तिच्यावर प्रेम करणाऱ्या लाखो लोकांनी हे मान्य केलं, कारण त्यांनाही स्वतःविषयी तेच म्हणायचं होतं. पण 1934 ची ती तबकडी या बचावाच्या आड येते. ज्या बाईने त्या बुटाच्या सावलीबद्दल स्वतःच्या तोंडाने गायलं, तिला त्या बुटाची ओळख नव्हती असं म्हणता येत नाही.

तरीही सारा लिआंडरची गोष्ट एका निवाड्यात संपत नाही. तिच्या भोवतालची माणसं पाहू लागलं की गुंता वाढतच जातो.

तिचा जन्म 15 मार्च 1907 चा, स्वीडनच्या वॅर्मलांड प्रांतातल्या कार्लस्टाड गावचा. माहेरचं नाव सारा स्तीना हेडबेर्ग. वडील जमीनजुमल्याचे दलाल, पण संगीताचे जाणकार. तरुणपणी लाइप्झिगला जाऊन ऑर्गन शिकून आलेले. चार वर्षांची असल्यापासून सारा पियानो आणि व्हायोलिन शिकत होती. गाणं मात्र ती रीतसर शिकली नाही. पंधराव्या वर्षी ती लॅटव्हियातल्या रिगा शहरी गेली, दोन वर्षं राहिली आणि तिथल्या जर्मन घरांमधून अस्खलित जर्मन उचलून परतली. घरच्यांच्या लेखी ही भाषा कुलीन मुलीला शोभेल अशी एक भर होती. तिच्या पुढच्या आयुष्याची दिशा मात्र या भाषेनेच ठरवली.

1926 मध्ये तिने नील्स लिआंडर या नटाशी लग्न केलं. नवऱ्याच्या वडिलांचं धर्मगुरूचं घर ऑस्टरयॉटलांडमधल्या रिसिंगे गावी होतं. तिथे ही एकोणीस वर्षांची सून नांदू लागली, लागोपाठ दोन मुलं झाली. स्टॉकहोमच्या ‘द्रामातेन’ या राष्ट्रीय नाट्यगृहाच्या शाळेत तिने प्रवेशासाठी प्रयत्न केला, तिथे तिला नकार मिळाला. खेड्यातल्या पाद्र्याच्या घरात मुलं सांभाळत राहणं हेच आता पुढे आहे, असं कुणालाही वाटलं असतं.

1929 च्या शरद ऋतूत एर्न्स्ट रोल्फची फिरती नाटक कंपनी त्या भागात आली. रोल्फ हा तेव्हाच्या स्वीडनचा रेव्ह्यूसम्राट. रेव्ह्यू म्हणजे नाचगाणी, नकला आणि ताज्या घडामोडींवरचे टोले यांचा रात्रभर रंगणारा खेळ. आपल्या वगातल्या बतावणीला दिव्यांची रोषणाई आणि पन्नास वादकांचा ताफा दिला तर जे होईल ते. रोल्फ पैसा मिळवायचा, त्याहून जास्त उधळायचा, पुन्हा उभा राहायचा. 1932 च्या नाताळात तो वारला तेव्हा कर्जाने पिचलेला होता. पण माणूस ओळखण्याची त्याची नजर पक्की होती. साराने नॉरशॉपिंगला त्याच्यापुढे गाऊन दाखवलं आणि त्याने तिला उभं केलं. तिने गायलेलं गाणं होतं ‘विल नी से एन शॅर्ना’, ‘तारा पाहायचाय का तुम्हाला’. नवख्या मुलीने हे म्हणायला धाडस लागतं. प्रेक्षकांना ते धाडस आवडलं, आणि ते गाणं तिला जन्मभर चिकटलं.

आवडलं त्याहून जास्त लोक चकित झाले ते आवाजाने. बायकांनी कोकिळेसारखं गावं, वरच्या सप्तकात खेळावं ही युरोपीय संगीतिकेची रीत. साराचा आवाज खर्जातला. इतका खालचा की तबकडीवर पहिल्यांदा ऐकणाऱ्याला पुरुष गातोय असं वाटावं. त्यात ती ‘र’ घोळवून म्हणायची, व्यंजनं लांबवायची, शब्दाच्या शेवटी आवाज अंधारात सोडून द्यायची. नजर अतिशय अधू होती. जाड भिंगांचा चष्मा तिला सतत लागायचा आणि पडद्यावर तो चालायचा नाही. चष्मा काढल्यावर समोरचं धूसर दिसे, आणि त्या धूसरतेने तिच्या डोळ्यांना जो तंद्रीतला, दूर पाहणारा भाव येई त्याच्यावर जर्मनीतली एक पिढी फिदा झाली. खाणं, पिणं, हसणं, मोबदल्यासाठी भांडणं, सगळं तिचं मोठ्या मापाचं. ‘बाई अशी असावी’ या तत्कालीन साच्यांपैकी एकातही ती बसत नव्हती. तसा प्रयत्नही तिने केला नाही.

नील्सशी घटस्फोट झाला. मुलांना घेऊन ती स्टॉकहोमला आली, रेव्ह्यूंमधून गाऊ लागली, तबकड्या निघू लागल्या, दोन-चार किरकोळ चित्रपटही झाले. 1931 मध्ये लेहारच्या ‘द मेरी विडो’ या संगीतिकेत तिला नायिकेचं काम मिळालं, समोर गोस्टा एकमन. हा एकमन म्हणजे मुर्नाऊच्या ‘फाउस्ट’ मूकपटातला फाउस्ट, स्वीडनचा लाडका नट. त्याच्या शेजारी उभं राहून ती झाकोळली नाही, इथेच तिचं नाव पक्कं झालं. 1932 मध्ये तिने विदार फोर्सेल या पत्रकाराशी दुसरं लग्न केलं. आणि मग कार्ल गेरहार्डची संगत आली.

कार्ल गेरहार्डविषयी थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण तो या गोष्टीतला दुसरा काटा आहे. 1891 मध्ये स्टॉकहोमला जन्मलेला हा माणूस स्वतः गीतं लिहायचा, स्वतः गायचा, स्वतःची कंपनी चालवायचा. टेलकोट, उंच टोपी, तोंडावर सभ्य हसू आणि त्या हसण्यातून सोडलेले बोचरे बाण अशी त्याची ठेवण. मंत्री, संपादक, बँकवाले कुणीही सुटायचं नाही. 1933 नंतर त्याच्या बाणांना नवं लक्ष्य मिळालं. नाझींविरुद्ध बोलणं हे सभ्य रंगभूमीचं काम नाही असं मानणाऱ्यांना त्याने जुमानलं नाही. ‘बुटाच्या सावलीत’ त्याच काळातलं. त्याने ते गाणं सारासाठी लिहिलं आणि तिच्या खर्जात त्या ओळींना जो भार आला तो त्याच्या स्वतःच्या हलक्या, खट्याळ आवाजात आला नसता.

1936 मध्ये व्हिएन्नाहून बोलावणं आलं. राल्फ बेनाट्स्की या संगीतकाराची ‘आक्सेल आन डेर हिमेल्सट्यूर’ ही नवी संगीतिका थिएटर आन डेर वीन या नावाजलेल्या नाट्यगृहात व्हायची होती. नायिका होती हॉलिवूडची एक नखरेल तारका, ग्रेटा गार्बोवर बेतलेली. गार्बो स्वीडिश, म्हणून तिची नक्कल करायला स्वीडिश बाई. सप्टेंबरमध्ये खेळ सुरू झाला आणि व्हिएन्ना अक्षरशः तिच्या पायाशी आली. नकलेसाठी आणलेली बाई मूळ तारकेइतकी मोठी ठरली.

या यशामागचे हात कुणाचे होते हे पाहण्यासारखं आहे. तिला व्हिएन्नाला आणणारा आणि तिच्यासमोर काम करणारा माक्स हान्सेन हा नट 1932 मध्ये हिटलरची टर उडवणारं गाणं गायला होता आणि त्यामुळे त्याला जर्मनी सोडावी लागली होती. संहितेच्या लेखकांपैकी एक पाउल मॉर्गन, बर्लिनच्या कॅबरेचा गाजलेला विनोदवीर, ज्यू. गीतं हान्स वायगेलची, तोही ज्यू. दीड वर्षात, मार्च 1938 मध्ये, हिटलरच्या फौजा ऑस्ट्रियात शिरल्या. वायगेल स्वित्झर्लंडला निसटला. मॉर्गन पकडला गेला आणि त्याच वर्षी डिसेंबरात बुखेनवाल्डच्या छळछावणीत मेला. ज्या नाटकाने सारा लिआंडरला युरोपची तारका बनवलं, त्याचा लेखक असा संपला. तेव्हा ती बर्लिनमध्ये चित्रीकरण करत होती.

करार झाला होता 1936 च्या ऑक्टोबरात. उफा ही जर्मनीतली सर्वांत मोठी चित्रपट कंपनी. तिचं नाव आपल्याकडच्या जुन्या चित्रपटरसिकांना अपरिचित नाही. हिमांशू रायांच्या ‘शिराझ’सारख्या मूकपटांच्या निर्मितीत उफाचा वाटा होता, देविका राणींनी बर्लिनला उफाच्याच स्टुडिओत चित्रपटकलेचे धडे घेतले, आणि त्या अनुभवाच्या बळावर 1934 मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज उभी राहिली. त्याच उफाला 1936 मध्ये नायिकेची चणचण होती. मार्लेन डीट्रिश अमेरिकेला गेलेली, परत यायला तयार नाही. गार्बो तर कधीचीच हॉलिवूडची झालेली. कंपनी वरवर खासगी असली तरी प्रचारमंत्री गोबेल्सची तिच्यावर घट्ट पकड होती, आणि 1937 मध्ये सरकारने तिचे भागभांडवल गुपचूप विकत घेऊन टाकलं.

साराने व्यवहार चोख केला. तीन चित्रपटांचे दोन लाख राइशमार्क, आणि त्यातली निम्म्याहून अधिक रक्कम, 53 टक्के, स्वीडिश क्रोनरमध्ये थेट स्टॉकहोमला. परकीय चलनाची प्रचंड ओढाताण असलेल्या नाझी जर्मनीकडून अशी अट मान्य करून घेणं सोपं नव्हतं. चित्रपटांच्या गोष्टी निवडण्यातही तिने आपला शब्द राखून ठेवला. जर्मन नागरिकत्व तिने घेतलं नाही, पक्षाची सदस्य झाली नाही. राजकारण न कळणाऱ्या बाईचा हा करार नव्हे. आपण कुणाच्या घरात पाऊल टाकतोय आणि बाहेर पडायचं दार कुठे आहे, हे नीट पाहून घेतलेल्या बाईचा हा करार आहे.

पहिल्या दोन जर्मन चित्रपटांचा दिग्दर्शक डेटलेफ सिएर्क. 1937 च्या ‘त्सू नॉयेन उफर्न’ आणि ‘ला हबानेरा’ या चित्रपटांनी तिची पडद्यावरची ओळख घडवली : जगलेली, चुकलेली, सोसून ताठ उभी असलेली बाई, जी बोलण्याच्या जागी गाते. सिएर्कने तिच्या चेहऱ्यावरचा प्रकाश, तिच्या स्तब्धतेचा वेळ, गाण्याची जागा यांचा इतका नेमका विचार केला होता की पुढचे सगळे दिग्दर्शक त्याचीच उसनवारी करत राहिले. सिएर्कची बायको ज्यू होती. ‘ला हबानेरा’ पुरा झाला आणि 1937 च्या अखेरीस तो जर्मनीतून निघून गेला. पुढे अमेरिकेत डग्लस सर्क या नावाने त्याने पन्नासच्या दशकात जे कौटुंबिक चित्रपट केले ते आज चित्रपटशाळांमधून अभ्यासले जातात. ज्यांनी साराला घडवलं त्यातला आणखी एक गेला. ती राहिली.

तिच्या नावाचीही एक गोष्ट आहे. लिहिताना ती झेडने सुरू करायची, पण नाव ते साराच, बायबलमधल्या अब्राहमच्या बायकोचं. गोबेल्सने एकदा तिला खवचटपणे विचारलं की हे नाव ज्यू नाही का, आणि तिने उलट विचारलं की मग तुमच्या ‘योसेफ’ या नावाचं काय, असा किस्सा सांगितला जातो. तिच्या धीटपणाशी तो जुळतो, म्हणून टिकला. पण त्याच्या शेजारी एक सरकारी फर्मानही ठेवायला हवं. ऑगस्ट 1938 मध्ये निघालेल्या हुकुमानुसार जर्मनीतल्या ज्यू स्त्रियांना, नाव ओळखीचं ज्यू नसेल तर, आपल्या नावापुढे ‘सारा’ हे नाव सक्तीने जोडावं लागलं. 1939 च्या 1 जानेवारीपासून ओळखपत्रांवर, कागदपत्रांवर ते दिसू लागलं. त्याच महिन्यांत बर्लिनच्या चित्रपटगृहांवर दिव्यांच्या अक्षरांत तेच नाव झळकत होतं. शहरातल्या प्रत्येकाला ही दोन्ही नावं रोज वाचायला मिळत होती.

गोबेल्सला ती आरंभी पसंत नव्हती. आपल्या रोजनिशीत त्याने तिला अवाजवी डोक्यावर घेतलेली बाई म्हटलं. तिकीटबारीने त्याचं मत बदललं. ‘हायमाट’, ‘डेर ब्लाउफुक्स’, चायकॉव्हस्कीच्या आयुष्यावरचा ‘एस वार आइने राउशेंडे बालनाख्ट’, मेरी स्टुअर्टवरचा ‘दास हेर्त्स डेर क्योनिगिन’, एकामागून एक चित्रपट आले. 1939 मध्ये तिने नॉरशॉपिंगजवळच्या समुद्रकाठी ल्योनो ही मोठी जहागीर विकत घेतली. क्रोनर कुठे जात होते ते दिसू लागलं.

आणि या सगळ्या काळात तिचं गाणं लिहीत होता ब्रूनो बाल्ट्झ.

बाल्ट्झ 1902 चा, बर्लिनचा, आणि समलिंगी. जर्मन दंडसंहितेचं कलम 175 पुरुषांमधल्या समलिंगी संबंधांना गुन्हा मानायचं; नाझींनी 1935 मध्ये ते आणखी कडक केलं. 1936 मध्ये तो पकडला गेला, तुरुंग भोगला, सुटकेसाठी लग्न करावं लागलं, आणि त्याचं नाव जाहीरपणे छापायला बंदी आली. तरी गाणी त्याचीच लागत होती, कारण तशी कुणालाच लिहिता येत नव्हती. प्रेम करणं पाप कसं असेल, असा सवाल करणारं ‘कान डेन लीबे झ्यूंडे झाइन’ हे ‘डेर ब्लाउफुक्स’मधलं गाणं 1938 साली सगळ्या जर्मनीच्या ओठांवर होतं. थिएटरात बसलेल्या जोडप्यांना ते खट्याळ प्रेमगीत वाटलं. बर्लिनच्या ज्या माणसांना प्रेमापायी छावणीत जावं लागण्याची भीती होती त्यांनी ते वेगळं ऐकलं. सारा हे ओळखून होती. बाल्ट्झ तिचा मित्र होता.

1941 मध्ये गेस्टापोने, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांनी, बाल्ट्झला पुन्हा उचललं. संगीतकार मिखाएल यारीने धावपळ केली. उफाच्या नव्या, महत्त्वाच्या चित्रपटाची गाणी बाल्ट्झशिवाय होणार नाहीत, असं त्याने वरच्यांना पटवलं. बाल्ट्झ सुटला आणि लगोलग दोन गाणी लिहून दिली. एकात ‘एक दिवस चमत्कार होईल’ अशी खात्री, दुसऱ्यात ‘एवढ्याने काही जग बुडत नाही’ असा दिलासा. कोठडीतून बाहेर पडलेल्या माणसाची ही गाणी आहेत हे कळल्यावर ती वेगळी वाटतात. पण ज्या चित्रपटात ती गेली तिथे त्यांचा अर्थ फिरला.

तो चित्रपट ‘डी ग्रोसे लीबे’, ‘महान प्रेम’. 12 जून 1942 रोजी बर्लिनमध्ये तो झळकला. नायक वैमानिक, नायिका गायिका. दोघं प्रेमात पडतात, आणि दर वेळी लग्न ठरतं तेव्हा आघाडीवरून हुकूम येतो. नायिका चिडते, रुसते, आणि शेवटी शिकते की प्रेमाहून युद्ध आधी. घराघरांत नवरा किंवा मुलगा रशियाच्या आघाडीवर असलेल्या बायकांना हे सांगण्यासाठी साराहून योग्य आवाज कुणाचा? जखमी सैनिकांपुढे ती ‘जग बुडत नाही’ गाते आणि सगळे एकमेकांत हात गुंफून डोलतात. चमत्काराच्या गाण्यात तिच्यामागे पांढऱ्या पोशाखातल्या स्त्रियांची रांग आहे. साराच्या उंचीच्या तेवढ्या बायका मिळेनात, म्हणून हिटलरच्या खास एसएस पलटणीतले जवान झगे घालून, केसांचे टोप चढवून उभे केले गेले अशी आठवण पुढे सांगितली गेली. सुमारे पावणेतीन कोटी लोकांनी हा चित्रपट पाहिला. नाझी काळातला याहून लोकप्रिय चित्रपट नाही. स्टालिनग्राडच्या पराभवानंतर तर ‘चमत्कार होईल’ हे वाक्य सरकारी आश्वासनासारखंच वापरलं जाऊ लागलं. एका कैद्याची आशा त्याला कैद करणाऱ्यांच्या कामी आली, आणि ती पोचवणारा आवाज स्वीडिश होता.

कार्ल गेरहार्ड त्या काळात काय करत होता? 1940 मध्ये डेन्मार्क आणि नॉर्वे जर्मनांच्या टाचेखाली गेल्यावर त्याने ‘देन ओशेन्दा हेस्तेन फ्रॉन त्रोया’ हे गाणं रंगमंचावर आणलं. ट्रॉयच्या लाकडी घोड्याचं रूपक घेऊन त्याने स्वीडनच्या आतल्या नाझी हस्तकांना उघडं पाडलं. चालसुद्धा मुद्दाम निवडलेली, दुनायेव्हस्की या सोव्हिएत संगीतकाराची. जर्मन वकिलातीने तक्रार केली आणि स्वीडिश अधिकाऱ्यांनी गाण्यावर बंदी घातली. तटस्थ देशात, स्वतःच्या भाषेत, स्वतःच्या नाट्यगृहात. गेरहार्ड गप्प बसला नाही. युद्धभर तो बोलत राहिला. एकाच गाण्यापाशी उभे असलेले हे दोघे किती लांब गेले होते.

1943 च्या फेब्रुवारीत स्टालिनग्राडला जर्मन फौज शरण गेली. 1 मार्चच्या रात्री ब्रिटिश विमानांनी बर्लिनवर मोठा हल्ला केला, त्यात साराच्या बंगल्याचीही हानी झाली. त्याच मार्चमध्ये तिचा ‘दामाल्स’ प्रदर्शित झाला, आणि तो उफासाठी तिचा शेवटचा ठरला. ती ल्योनोला परतली. तिने बंड करून जर्मनी सोडली असं चित्र नंतर रंगवलं गेलं. तारखा तसं म्हणू देत नाहीत. 1938 मध्ये मॉर्गन बुखेनवाल्डला गेला तेव्हा ती निघाली नाही, 1941 मध्ये बाल्ट्झ गेस्टापोच्या कोठडीत होता तेव्हा निघाली नाही. घरावर बॉम्ब पडले तेव्हा निघाली. इतकं सरळ म्हणायला हरकत नाही.

पण स्वीडनने तिला जसं वागवलं त्यातही एक सोयीस्करपणा होता. रेडिओने तिच्याकडे पाठ फिरवली, नाट्यगृहांची दारं बंद झाली, वर्तमानपत्रं तुटून पडली. त्याच स्वीडनने युद्धभर जर्मनीच्या पोलाद कारखान्यांना लोहखनिज पुरवलं होतं. 1940 ते 1943 या काळात रजेवर जाणारे-येणारे जर्मन सैनिक नॉर्वेच्या वाटेवर स्वीडिश रेल्वेने वीस लाखांहून अधिक खेपा करून गेले. त्या गाड्यांना परवानगी देणाऱ्यांची आणि खनिज विकणाऱ्यांची नावं कुणाच्या ओठांवर नव्हती. सारा लिआंडरचा चेहरा मात्र सगळ्यांना ठाऊक होता. देशाला स्वतःच्या वागण्याची जी लाज वाटत होती तिचा बराच भार या एका बाईवर टाकला गेला. तिचा दोष खरा होता. तिच्यावर तो टाकणाऱ्यांचे हातही स्वच्छ नव्हते.

ती गप्प बसणारी नव्हती. 1947 मध्ये स्वित्झर्लंडमध्ये पुन्हा गायला उभी राहिली, मग जर्मनी, आणि 1949 मध्ये स्वीडनच्या रंगमंचावर पुनरागमन. 1950 चा ‘गाब्रिएला’ पश्चिम जर्मनीत चांगला चालला. त्यानंतरचे चित्रपट पडत गेले, पण मैफिलींना तोटा नव्हता. 1956 मध्ये आर्ने हुल्फर्स या जाझ वादकाशी तिने तिसरं लग्न केलं; तो पियानोवर आणि ती माइकसमोर अशी त्यांनी वर्षानुवर्षं युरोपभर फिरती केली. समोर बसलेले प्रेक्षक म्हातारे होत होते. त्यांना 1942 चीच गाणी हवी होती, आणि ती तीच गात होती. व्हिएन्नाने तिला शेवटपर्यंत अंतर दिलं नाही. 1975 मध्ये, जिथून सगळं सुरू झालं त्याच थिएटर आन डेर वीनमध्ये, सोंडहाइमच्या ‘अ लिटल नाइट म्युझिक’च्या जर्मन प्रयोगात तिने वृद्ध मादाम आर्मफेल्ट उभी केली. 1978 मध्ये हुल्फर्स गेला, त्याच वर्षी तिला पक्षाघाताचा झटका आला. 23 जून 1981 रोजी स्टॉकहोममध्ये ती वारली. ल्योनोजवळच्या हेराड्सहामार गावच्या दफनभूमीत तिचा विसावा आहे.

मरणानंतर एक नवाच दावा पुढे आला. सोव्हिएत गुप्तहेर खात्याचा जुना वरिष्ठ अधिकारी पाव्हेल सुदोप्लातोव्ह 1996 मध्ये वारला. त्याआधी त्याने सांगितलं की सारा मॉस्कोसाठी माहिती पुरवत असे आणि त्यासाठी तिने पैसेही घेतले नाहीत. ऐकायला हे फार आकर्षक आहे, कारण ते खरं ठरलं तर तिच्या आयुष्याचा सगळा हिशेब उलटतो. पण त्याला भक्कम कागदोपत्री आधार मिळालेला नाही. एका हेरप्रमुखाच्या उतारवयातल्या शब्दावर एवढी मोठी सुटका कुणाला देऊ नये.

तिचे खरे वारस मात्र कुणी दावा न करताच ठरले. युद्धानंतर पश्चिम जर्मनीत नाझींनी कडक केलेलं कलम 175 तसंच राहिलं. 1969 पर्यंत त्याखाली माणसं तुरुंगात जात होती. ब्रूनो बाल्ट्झ वाचला होता, पण त्याला अजूनही तोंड मिटूनच राहावं लागलं. त्या वर्षांत हॅम्बुर्ग आणि बर्लिनच्या तळघरांतल्या बारमध्ये पुरुष साराचे झगे घालून, तिच्यासारखा ‘र’ घोळवत तिची गाणी म्हणत. खर्जातल्या आवाजाची ती बाई त्यांना आपली वाटे, आणि गाणी तर मुळातच त्यांच्यातल्या एकाची होती. 1983 मध्ये पंक गायिका नीना हागेनने ‘त्सारा’ या नावाचं गाणंच काढून तिला नव्या पिढीत आणलं. बाल्ट्झ 1988 मध्ये गेला. कलम 175 पूर्ण रद्द झालं ते 1994 मध्ये.

कार्लस्टाडमध्ये तिचा ब्राँझचा पुतळा उभारावा असा प्रस्ताव तिच्या चाहत्यांच्या मंडळाने नगरपालिकेपुढे ठेवला, तेव्हा गावात मोठा वाद झाला. एवढी मोठी कलावंत आपल्या गावची, तिचा मान राखायचा नाही का, असं एक बाजू म्हणे. गोबेल्सच्या कंपनीची नायिका चौकात कशाला, असं दुसरी. चर्चा कित्येक वर्षं चालली. अखेर 2003 मध्ये नगरपालिकेने पुतळा स्वीकारला आणि गावच्या ऑपेरागृहाजवळ तो बसवला.